सूनबाईची बॉक्सिंग आणि माझा डावा पाय

माझ्या अंगावरून वारं गेलं ते दाढी करताना. गाल ताणून धरलेला डावा हात आपोआप खाली आला आणि मांडीवर पडला, जणू तो माझा नव्हताच. बायकोला हाक मारायला गेलो, तर शब्द तोंडात जाड होऊन बसले. शेजाऱ्यांनी जीप काढली आणि गंगाखेडहून थेट परभणीच्या दवाखान्यात नेलं. डॉक्टर म्हणाले, वेळेवर आणलंत. जीव वाचला खरा, पण घरी परत आलो तेव्हा डावा हात आणि डावा पाय नुसते अंगाला लटकलेले होते.

मी एसटीत कंडक्टर होतो. अख्खी नोकरी उभ्यानं केली. परभणी, झरी, बोरी, जिंतूर, पुढं देवगाव फाटा, मंठा, असं ओरडत खचाखच भरलेल्या गाडीत या टोकापासून त्या टोकापर्यंत जायचो. त्या माणसाला आता बाजेवरून उठवायला दोघं लागत. बायको तोंडानं काही म्हणत नव्हती, पण मला उचलताना तिची कंबर दुखते हे तिच्या श्वासावरून कळायचं. मी पडल्या पडल्या छताच्या पत्र्याकडं बघायचो आणि कुणाशी बोलायचो नाही.

मुलगा फ्रान्समध्ये इंजिनिअर आहे. कळल्याबरोबर तो आणि सूनबाई दोघंही आले. सूनबाई तिकडचीच. लग्नाआधी मुलानं फोनवर सांगितलं होतं, "ती बॉक्सर आहे. हौस म्हणून नाही, तो तिचा पेशा आहे."

त्याच्या आईनं विचारलं, "मारती का मार खाती?"

"दोन्ही," तो म्हणाला.

"मग करील संसार," ती म्हणाली, आणि तिच्या बाजूनं विषय मिटला.

लग्न आमच्या वस्तीतल्या विहारात लागलं होतं. पांढऱ्या साडीतल्या त्या उंच पोरीच्या भुवईवर टाक्यांची खूण होती आणि बायका ती एकमेकींना दाखवत होत्या. तेव्हा चार दिवस राहून दोघं गेले होते. या खेपेला ती आली ती उजव्या हाताला पट्टी बांधून. एका लढतीत पंजाचं हाड मोडलं होतं, ऑपरेशन झालं होतं आणि काही महिने ठोसा मारायचा नाही अशी तिच्या डॉक्टरची ताकीद होती.

मुलाची रजा संपत आली. जायच्या आदल्या दिवशी तो माझ्या उशाशी बसून होता. सूनबाई दारात उभी होती. तिनं त्याला त्याच्याकडूनच शिकलेल्या मराठीत सांगितलं, मला कळावं म्हणून.

"तू जा. मी थांबते. मला आता काम नाही. बाबांना काम आहे."

परभणीहून व्यायाम शिकवणारे डॉक्टर आठवड्यातून एकदा यायचे. पहिल्या खेपेला ती त्यांच्या शेजारी उकिडवी बसून सगळं बघत राहिली. गुडघा कुठवर वाकवायचा, खांद्याला कुठं धरायचं नाही, दम लागला तर कधी थांबायचं, हे तिनं खुणा करून, मोडक्या इंग्रजीत, पुन्हा पुन्हा विचारून घेतलं. डॉक्टर हसून म्हणाले, "यांनाच पाठवा माझ्या जागी." पण त्यांनी सांगितल्यापेक्षा जास्त ती कधी करून घ्यायची नाही. मी जोशात येऊन आणखी करू म्हणालो तरी मान हलवायची.

तिची पद्धत मात्र तिच्या धंद्यातली होती. मोबाइलवर ती घड्याळ लावायची. दोन मिनिटं काम, मग टण्‌ आवाज, मग एक मिनिट आराम. तिकडं बायकांच्या लढतीतल्या फेऱ्या तेवढ्याच असतात, तिनं सांगितलं. आरामाच्या त्या मिनिटात ती मला पाणी पाजायची, मान पुसायची, आणि समोर पाट घेऊन बसायची. तिकडं कोपऱ्यात बसलेल्या बॉक्सरची अशीच उस्तवार करतात म्हणे. मला आधी लाज वाटायची. मग वाटेनाशी झाली.

त्या एकेका मिनिटात तिनं मला आपली सगळी कारकीर्द सांगितली. मराठी शब्द अडला की हातानं करून दाखवायची, आणि फारच अडलं तर संध्याकाळी मुलाच्या फोनवर उलगडा व्हायचा.

ती फ्रान्सच्या उत्तरेकडच्या एका लहान गावातली. वडील ट्रक चालवायचे. थोरला भाऊ बॉक्सिंगच्या तालमीत जायचा आणि रोज जेवायला उशीर करायचा, म्हणून आईनं हिला त्याला बोलवायला पाठवलं. तिथले म्हातारे उस्ताद म्हणाले, आत यायचं तर बूट बदलून ये. दुसऱ्या दिवशी ही दुसरे बूट घेऊनच गेली. भावानं पुढं ते सोडलं, हिनं सोडलं नाही.

धंदेवाईक म्हणून पहिली लढत एका गावच्या बॅडमिंटनच्या हॉलमध्ये झाली. ती इतकी घाबरली होती की पहिली फेरी संपल्यावर चुकून समोरच्या मुलीच्या कोपऱ्यात जाऊन बसायला निघाली. तिकडच्या माणसानं तिला खांद्याला धरून वळवलं. हे सांगताना ती इतकी हसली की माझी बायको स्वयंपाकघरातून बघायला आली. "मग पुढं काय झालं?" बायकोनं विचारलं. "जिंकले," सूनबाई म्हणाली. "पळून कुठे जाणार?"

या खेळावर पोट भरत नाही, हेही तिनं सांगितलं. सकाळी ती एका शाळेच्या स्वयंपाकघरात काम करायची, मुलांची ताटं वाढायची, आणि दुपारनंतर तालीम. कधी डोळा काळानिळा घेऊन गेली की पोरं विचारायची, कुणी मारलं, आणि ती नाव सांगायची. मग तिला तिच्या देशाचं अजिंक्यपद मिळालं. गावात मिरवणूक नाही की काही नाही. दुसऱ्या दिवशी शाळेच्या स्वयंपाकघरातल्या बायकांनी केक आणला, एवढंच. पुढल्याच लढतीत ते पद गेलं. मग परदेशात लढती, त्यातल्या बऱ्याच हरलेल्या. आणि सगळ्यात अलीकडची ती हात मोडलेली.

"दुसऱ्या फेरीत मोडला," ती म्हणाली. "मग शेवटपर्यंत डावा हात फक्त."

"थांबायचं न्हाई का मग?" मी विचारलं.

तिनं थोडा विचार केला. "पाय चांगले होते, बाबा."

मला राग आला होता. माझे पाय चांगले नव्हते, आणि हे तिलाही माहीत होतं. पण ती मला टोमणा मारत नव्हती. तिच्या मनात आधीच काहीतरी चाललं होतं, ते मला पुढच्या आठवड्यात कळलं.

तोवर मी आधाराशिवाय क्षणभरसुद्धा उभा राहू शकत नव्हतो. दोन्ही पाय जुळवून, छाती काढून, शाळेतल्या कवायतीसारखा उभा राहायला बघायचो आणि डावीकडं कलंडायचो. ती मला धरायची, परत बसवायची. त्या दिवशी तिनं घड्याळ बंदच केलं.

"बाबा, बसमध्ये कसे उभे राहायचे तुम्ही? गाडी हलते. हात मोकळे नाहीत. कसे?"

मला सांगता येईना. कधी विचारच केला नव्हता. तिनं माझ्यासमोर उभं राहून गाडी चालवल्याचा अभिनय केला, खड्डा आला, वळण आलं. मी बसल्या बसल्या पाय हलवले. एक पाय पुढं, एक मागं, दोघांत अंतर, गुडघे सैल, अंग किंचित आडवं. ती बघतच राहिली. मग बॉक्सिंगला उभं राहतात तशी ती स्वतः उभी राहिली, आणि मलाही दिसलं. दोघांचं उभं राहणं एकच होतं.

"हे तुम्हाला येतं," ती म्हणाली. "तुमच्या पायाला आठवतं. सरळ नको. असं."

तिनं मला उठवलं, डावा पाय पुढं ठेवला, उजवा मागं. माझ्या पाठीमागं भिंत होती आणि समोर ती, पण तिनं हात काढून घेतला होता. "ओरडा," ती म्हणाली. "गावं."

मी म्हणालो, "परभणी. झरी. बोरी." शब्द लडबडत होते. "जिंतूर." गुडघा थरथरत होता पण टिकला. "देवगाव फाटा." तेवढ्यात बायको पिठाच्या हातानं दारात आली आणि तिथंच थबकली. मी मंठ्यापर्यंत पोचलो नाही, त्याआधीच बसलो. बायको पुढं आली. तिनं पिठाच्याच हातानं सूनबाईचा चेहरा धरला आणि मग आपल्या कानशिलांवर बोटं मोडली. पोरीच्या दोन्ही गालांवर ज्वारीचं पीठ लागलं होतं, आणि ते तिनं बराच वेळ पुसलं नाही.

त्यानंतर सगळं सुरळीत झालं असं नाही. काठी घेऊन घरात चालायला लागलो आणि एके सकाळी न्हाणीघरात घसरून पडलो. मोडलं काही नाही, पण धीर सुटला. बाजेवर भिंतीकडं तोंड करून पडलो. बायकोनं समजावलं, "आवो, असं काय करायलाव? उठा की." मुलानं फोनवर समजावलं. मी कुणाचं ऐकलं नाही.

सूनबाईनं समजावलंच नाही. ती माझ्यापाशी खाली बसली आणि मोबाइल माझ्या तोंडासमोर धरला. तिची एक जुनी लढत होती. समोरच्या मुलीचा ठोसा हनुवटीवर बसला आणि माझी सून धाडकन खाली पडली. मला बघवेना. मी डोळे मिटले, तर ती म्हणाली, "बघा. आता बघा."

पंच आकडे मोजत होता. ती एका गुडघ्यावर होती, डोकं खाली, हात जमिनीला टेकलेला. मला वाटलं, आता ही उठत नाही. आठ आकडा आला तेव्हा ती उठली, हात वर केले, आणि लढत पुन्हा सुरू झाली.

"मला पाचला उठता येत होतं," ती म्हणाली. "पण उठायचं नसतं. आठपर्यंत बसायचं. श्वास घ्यायचा. नवीन मुली लाजेनं लगेच उठतात. मग पुन्हा पडतात." तिनं फोन बाजूला ठेवला. "तुम्ही पण बसा, बाबा. घाई नाही. मी मोजते."

पडलेल्या माणसाला इतकी वर्षं मी उठ, उठ असंच म्हणत आलो होतो. पडल्यावर थोडं पडून राहायचाही हक्क असतो, असं मला कुणी सांगितलं नव्हतं. त्या दिवशी मी निवांत पडून राहिलो. दुसऱ्या दिवशीही. तिनं चहा आणून दिला, बायकोबरोबर शेंगा फोडल्या, माझ्या पायाचं नावसुद्धा काढलं नाही. तिसऱ्या दिवशी मीच म्हणालो, "पोरी, घड्याळ लाव."

उन्हं तापायला लागायच्या आत मी काठी टेकत एसटी स्टँडपर्यंत जाऊन आलो. ती माझ्या डाव्या बाजूनं चालत होती, हात न लावता. स्टँडवर जुने सोबती भेटले. एकानं विचारलं, "ही कोण, नर्स हाय का?" मी म्हणालो, "सून हाय. बॉक्सर हाय." माझे शब्द एव्हाना सरळ झाले होते, त्यामुळं ते सगळ्यांना ऐकू गेलं.

तिचा हात बरा झाला तशी ती परत गेली. डॉक्टर, तालीम, शाळेचं स्वयंपाकघर, सगळं पुन्हा सुरू. वर्षभरानंतर ती परत रिंगणात उतरली. तिकडच्या लढती आपल्याकडं मध्यरात्र उलटल्यावर असतात. मी जागायचं म्हणालो, तर बायको म्हणाली, "झोपा गुमान. जिंकली असली तर सकाळीबी जिंकलेलीच असल." खरं म्हणजे चालू लढत बघायची तिचीच छाती होत नव्हती. सकाळी मुलाचा निरोप यायचा, आणि पोरगी धडधाकट आहे हे कळल्यावरच ती चहा ठेवून माझ्याशेजारी लढत बघायला बसायची. वालूरहून माझी मेहुणी आलेली असली की तीही बसायची, आणि दोघी बहिणी समोरच्या मुलीला नाही नाही ते बोलायच्या.

पुनरागमनाच्या लढती ती जिंकली, आणि तिला गेलेलं पद परत मिळवायची संधी मिळाली. ती तिची शेवटची लढत. पस्तिशी उलटली होती आणि डोळ्याच्या डॉक्टरनं आता पुरे म्हणून सांगितलं होतं. त्या सकाळी आम्ही पूर्ण लढत पाहिली. समोरची मुलगी तिच्यापेक्षा खूप तरुण होती. मधल्या फेऱ्यांत सून मागं पडली, शेवटच्या फेऱ्यांत तिनं गाठत आणलं. पंचांनी निकाल बरोबरीचा दिला. बरोबरी झाली की पद ज्याचं त्याच्याकडंच राहतं, म्हणजे तिला ते मिळालं नाही. दोघी एकमेकींच्या गळ्यात पडल्या, आणि सूनबाई त्या मुलीच्या कानात काहीतरी सांगून हसली.

दुपारी तिचा फोन आला. एक डोळा सुजून बंद झाला होता, पण चेहरा शांत होता.

"बाबा, बरोबरी."

"बघितलं आमी," मी म्हणालो.

मला पुष्कळ बोलायचं होतं. तू होतीस म्हणून मी स्वतःच्या पायानं उठून हा फोन घ्यायला आलो, असं सांगायचं होतं. बाजेवर पडलेल्या माणसापुढं पाट घेऊन बसलीस, आपलं पडणंही त्याला दाखवलंस, हे कुणी करत नाही, असं सांगायचं होतं. पण आमच्या घरात कुणी कुणाचे आभार मानत नाही. तसा शब्दच तोंडाला सवयीचा नाही. तोंडातून जे निघालं ते एवढंच.

"जेवलीस का?"

 मग तिची हनुवटी हलली, आणि तिला ते सगळं पोचलं हे मला कळलं. लढतीसाठी वजन धरून ठेवायला ती कितीतरी दिवस अर्धपोटी राहिली होती.

"जेवले," ती म्हणाली. "भात, अंडी, बटाटे, आणि एक अख्खा केक. आता पुन्हा भूक लागली."

बायकोनं माझ्या हातातून फोन काढून घेतला आणि पिठल्यात पाणी किती घालायचं ते तिला सांगायला सुरुवात केली.