कुंडलला न उचललेला फोन

फिजीला जायचं धाडस नव्हतं, म्हणून मी फलटणला गेले. हसू नका. आपल्या बुधवारच्या वाचन मंडळात ‘हिंदी-उर्दू बोलणारे जगात कुठे कुठे’ या विषयावर बोलायचं मी कबूल करून बसले होते. आयुष्यभर भूगोल शिकवला, त्यामुळे जगाचा नकाशा घरात होताच. परभणीच्या घरी बसून त्यावर लाल टिकल्या लावत गेले. फिजी, मॉरिशस, सुरीनाम, त्रिनिदाद. लंडन, टोरांटो. आखातात तर टिकलीला टिकली चिकटली. कुणाला उसाच्या मळ्यांवर नेलेलं, कुणी फाळणीत गेलेलं, कुणी पोटासाठी. पण हे सगळं पुस्तकातलं. गेलेल्या माणसांच्या तोंडून काही ऐकावं असं वाटायला लागलं, आणि तशी माणसं माझ्या माहितीत सातारा-सांगलीकडे होती. तिकडे घरटी एक जण सैन्यात असतो, नाहीतर कुठेतरी लांब.

शिवाय कुंडलला माझी शालन होती. वडील सांगलीला बदलीवर असताना आम्ही दहावीपर्यंत एका बाकावर बसलो. तिचा मुलगा संदीप कुवेतला बांधकामावर आहे. मी येते म्हणून फोन केला तेव्हा ती म्हणाली, “ये की. पन कुसे, घरात कुनाचा जीव थाऱ्यावर न्हाई बघ. संदीपचा पाच दिस झालं फोन न्हाई. रोज करनारं पोरगं.”

मी मुळात घाबरट. गाडीत बसल्यावर तिकीट तीनदा बघणारी. मन चिंती ते वैरी न चिंती, तशी गत. दौंडला उतरून बारामतीमार्गे एसटीनं निघाले ती गुंडाळलेला नकाशा मांडीवर घेऊन आणि संदीपचा घोर डोक्यात घेऊन. न्यायला कुणी येणार नव्हतं, तरी मी दर थांब्याला खिडकीतून वाकून बघत होते.

फलटण जवळ आलं तशी दोन्ही बाजूंनी ऊस सुरू झाला. कारखान्याकडे निघालेल्या ट्रॉल्या रस्ता अडवून चाललेल्या. स्टँडवर मिसळ खाल्ली, ती इतकी तिखट की डोळ्यांतून पाणी आलं आणि मला रडायला एक निमित्त मिळालं. लॉजवर सोडणारा रिक्षावाला मांडीवरचा नकाशा बघून बोलायला लागला. सौदीत नऊ वर्षं क्रेन चालवून आलेला माणूस निघाला.

“मावशी, आमच्या खोलीत आठ जण. तीन पाकिस्तानचं, दोन नेपाळी, एक बांगलादेशी, एक केरळचा आन मी. भांडायचं असलं तरी हिंदीतच भांडायचं. दुसरी भाषा हाय कुटं सगळ्यांना?”

“त्यांची उर्दू ना?”

“ते उर्दू म्हनायचं, आमी हिंदी. डाळ एकच व्हती.” मग तो हसला. “फोन मातर नेटवरनं, ज्येच्या त्येच्या देशाच्या नंबरावर. एकदा माजा बिघडला म्हनून दोस्ताच्या फोनवरनं घरी लावला. बायकूनं उचललाच न्हाई. म्हनली, ह्यो ब्याण्णवचा नंबर कुनाचा? ब्याण्णव म्हंजी पाकिस्तान की.”

मी ते वहीत टिपून घेतलं. व्याख्यानात हशा मिळेल म्हणून.

दुसऱ्या दिवशी दहिवडीवरून विट्याला. ऊस मागे पडला, माळ सुरू झाले. विट्याच्या चहाच्या टपरीवर गलाईचा धंदा (सोनंचांदी वितळवून शुद्ध करण्याचा) करणारे दोन भाऊ भेटले. एक कोचीन, एक कोलकाता, आणि घरात मुलं आपसांत हिंदी बोलतात म्हणून दोघांची आई कावलेली. एरवी मी त्यांच्यापाशी तासभर बसले असते. पण शालनला फोन लावला, तर तिनं पहिल्या रिंगला उचलला आणि माझा आवाज ऐकून नुसतं “तू व्हय” म्हणाली. त्या ‘तू व्हय’नं माझा चहा निवून गेला. वडाप (माणसं भरल्याशिवाय न हलणारी जीप) पकडून तडक कुंडल गाठलं.

शालनच्या घरात ती आणि तिचे सासरे, तात्या. नवरा मागेच गेला. तात्या सैन्यातून सुभेदार म्हणून निवृत्त झालेले, ऐंशीच्या घरातले, पाठ अजून ताठ. धाकटा मुलगा, म्हणजे शालनचा दीर, आजही सीमेवर आहे. संदीप मात्र भरतीत उंचीला कमी पडला आणि कुवेतला गेला. तरी तात्यांनी त्याला सैनिकासारखंच वागवलं. रोज संध्याकाळी फोन आला की तात्या आधी विचारणार, “हाजिर?” तिकडून संदीप ओरडणार, “हाजिर, साब!” मग बाकीचं बोलणं. शालननं हे सांगितलं आणि चुलीकडे तोंड वळवलं. फोन थांबल्याचा तो सातवा दिवस होता.

भाकरी, हुलग्याचं माडगं (पातळ कालवण) आणि शेंगदाण्याची चटणी तिनं वाढली. तिच्या स्वतःच्या ताटातली भाकरी तशीच राहिली. संदीपला कुवेतला पाठवणाऱ्या सांगलीच्या एजंटाकडे ती आणि तात्या दोनदा जाऊन आले होते. तो ‘बघतो’ म्हणाला होता.

“त्याच्या कुणा मित्राचा तरी फोन?” मी विचारलं.

“कुनाचाच न्हाई. एक तेवढा भायेरचा नंबर सारका यायचा, ब्याण्णवचा. तात्यांनी बंद करून टाकला.”

मी हातातली भाकरी ताटात ठेवली. तात्या शांतपणे म्हणाले, “घरात शिपाई हाय. आपल्या देशाचा नसलेला नंबर ह्या घरात उचलायचा न्हाई, ह्यो कायदा हाय. लय जनांना असंच गोड बोलून फसवलंय.”

रिक्षावाल्याची बायको मला आठवली. मनात शंकेची पाल चुकचुकली. पण मी बोलले नाही. पाहुणी मी, परक्या घरचा कायदा मोडायला कशी सांगू? खरंच फसवणूक असली आणि त्या धाकट्याच्या नोकरीवर बेतलं तर? आणि संदीपचीच वाईट बातमी असली तर ती माझ्यामुळे घरात यायची? मी ताट उचललं आणि उद्या जतला जाते म्हणून सांगितलं. जत आधीच ठरलं होतं हे खरं, पण त्या दिवशी मी तिथून पळाले, हेही खरं.

तासगाव, कवठेमहांकाळ, मग जत. द्राक्षबागा संपून कोरडी जमीन लागली. वाळलेली ज्वारी, बाभळी, पाण्याच्या टँकरभोवती घागरींची रांग. दुकानांच्या पाट्यांवर मराठीशेजारी कन्नड. गावाबाहेर बाभळीखाली टेकले, तर शेजारी एक धनगर बाई मेंढरं घेऊन बसलेली. तिचा फोन वाजला. तिनं तो कानाला लावला, दोन क्षण ऐकलं आणि सरळ माझ्या हातात दिला.

“अक्का, ह्ये काय बोलतंय बघ गं. मला कन्नड येतंय, मराठी येतंय. ह्ये न्हाई येत.”

हैदराबादकडचा मेंढ्यांचा व्यापारी होता. आपल्या परभणीच्या बाजारात ऐकू येते तसली दख्खनी बोलत होता. गुरुवारी येतो म्हणाला. मी निरोप सांगितला आणि विचारलं, “बाई, समजत नाही तर उचलता कशाला?”

तिला माझा प्रश्नच कळला नाही. “आलाय तर उचलायचा की. कुनाला तरी गरज असंल, म्हनून तर करतोय. समजनारं मानूस रस्त्याला कुनीबी गावतंय.”

मी तशीच उठले. तेवढ्यात लक्षात आलं की एका मेंढीनं नकाशाचा उजवा कोपरा चावून खाल्लाय. फिजी गेलं होतं. आदल्या दिवशी मी त्यावर आकाशपाताळ एक केलं असतं. आता नकाशा काखेत मारून मी एसटी स्टँडकडे जवळजवळ पळतच सुटले. गाडीत तीन तास मी स्वतःला शिव्या देत होते. एक अख्खा दिवस मी गप्प राहिले होते.

कुंडलला पोचले तेव्हा दिवे लागत होते. तात्या ओसरीवर बसलेले.

“तात्या, तो बंद केलेला नंबर मला द्या,” मी म्हणाले. रिक्षावाल्याची सगळी हकीकत सांगितली.

ते भडकले. “मास्तरीनबाई, तुमचा भूगोल नकाशावरचा. मी तितं उभा व्हतो. माजा धाकला आजबी उभा हाय. एका पोरासाठी दुसऱ्याच्या गळ्याला फास लावू व्हय?”

त्यांचं चुकत होतं असं मला तेव्हाही म्हणवलं नाही. “तुमच्या फोनवरून नकोच,” मी म्हणाले. “माझ्या फोनवरून लावते. माझ्या घरात कुणी सैन्यात नाही, मुलाचं बियाण्यांचं दुकान आहे. फसले तर मी एकटी फसेन.”

शालन उठली, भिंतीवरचं कॅलेंडर तिनं उलटं केलं. मागे पेन्सिलीनं आकडे लिहिलेले होते.

“आवं तात्या, बंद करायच्या आधी म्या लिवून ठिवलं. रागं भरू नगा.”

मी नंबर लावला. दोनदा वाजला आणि पलीकडून पुरुषाचा आवाज आला. “जी, कौन?”

“मैं परभनी की, पर संदीप के घर से बोल रही. घर के लोगां यहींच बैठे हैं.”

तो म्हणाला, “अल्लाह का शुक्र है. अम्मा जी, पाँच-छह दिन से फ़ोन कर रहा हूँ, कोई उठाता ही नहीं.”

त्याचं नाव अकरम. सरगोध्याजवळचा. संदीपच्या शेजारच्या खाटेवर झोपणारा. संदीप परांचीवरून पडला होता. जबडा आणि उजवा हात मोडला होता, फोनचा चुरा झाला होता. दोन दिवस शुद्ध नव्हती. आता धोका टळलाय, पण जबडा तारांनी बांधल्यामुळे बोलता येत नाही. ठेकेदाराकडे घरचा म्हणून नोंदवलेला नंबर संदीपच्या वारलेल्या वडिलांचा. शेवटी संदीपनंच डाव्या हाताची बोटं दाखवून एकेक आकडा अकरमला सांगितला होता. बोटांनी सांगितलेला तो नंबर अकरम रोज लावत होता आणि इकडून रोज कापला जात होता.

मी हे वाक्यावाक्यानं शालनला मराठीत सांगत होते. “जित्ता हाय न्हवं?” ती एवढंच परत परत विचारत होती. मी हो हो म्हणत होते आणि रडत होते.

तात्यांनी हात पुढे केला. फोन घेऊन ते उभे राहिले.

“नाम? गाँव? काम?” पहाऱ्यावरच्या शिपायाचा आवाज. पलीकडून एकेक उत्तर आलं. मग आवाज थोडा खाली आला. “लड़का खाना खाता है?”

“चबा नहीं सकता, बाबा जी. दलिया पतला करके नली से पिलाता हूँ. रोज़ ख़ुद बना के लाता हूँ. अभी उसी के पास बैठा हूँ.”

“फोन उसके कान को लगाओ.”

तात्यांनी घसा खाकरला. पाठ आणखी ताठ केली. मग म्हणाले, “हाजिर?”

फोनमधून नुसता श्वास आला. जोरजोरात चाललेला श्वास. तात्यांची मान खाली जायला लागली, आणि मग तो दुसरा आवाज म्हणाला, “हाज़िर है, बाबा जी. हाथ उठाया है उसने.”

तात्या ओसरीच्या पायरीवर मटकन बसले. शालननं त्यांच्या हातातून फोन काढून घेतला आणि त्या अनोळखी माणसाशी मराठीत बोलायला लागली. जेवतोस का, झोपतोस का, माझ्या पोरासाठी किती जागतोस. त्याला किती कळलं कोण जाणे. तो दर वाक्याला “जी, अम्मी” म्हणत होता.

चार दिवसांनी मी परभणीला परतले. नकाशा अजून तसाच आहे, कोपरा खाल्लेला, फक्त कुंडलवर एक टिकली वाढली. बुधवारी तुम्ही विचारलंत, कुंडलवर टिकली का, तिथे कुणाची हिंदी आहे? त्याचं हे उत्तर. टिकल्या लावताना मला वाटत होतं की भाषा म्हणजे कुठे किती माणसं राहतात त्याची मोजदाद. ती भाषा मला येत होती, त्या नंबराचा अर्थ त्या घरात मला एकटीलाच लागला होता, आणि तरीही मी एक दिवस तोंड उघडलं नाही. संदीपला त्यानं काही झालं नाही हे माझं नशीब. ती टोचणी मात्र जात नाही.

काल शालनचा फोन आला. संदीपच्या तारा निघाल्या. तात्या बाकीचे बाहेरचे नंबर अजूनही उचलू देत नाहीत. पण तो एक नंबर त्यांनी स्वतः शालनकडून फोनमध्ये भरून घेतलाय, ‘संदीप दुसरा’ या नावानं. संध्याकाळी त्याच नंबरावरून फोन आला, तात्यांनी नेहमीसारखं “हाजिर?” विचारलं, आणि पलीकडून दोन आवाज एकदम आले.

“मग?” मी विचारलं.

“मग काय,” शालन म्हणाली, “तात्या म्हनले, दोगं जेवलासा का रं?”