मावशीचं उपाशी शेवाळ

टाळ्या मला आयुष्यात पुष्कळांनी दिल्या, पण जेवू घातलं ते मावशीनं. आमच्या नाट्यगृहाच्या उपाहारगृहात ती स्वयंपाकीण होती. रंगमंचावर मी राजा. पडदा पडला की मुकुट काखेत मारून तिच्या खिडकीशी रांगेत उभा. "पुरे" म्हणायला तोंड उघडेपर्यंत ताटात आणखी पडलेलं असायचं.

पुढे नाट्यगृह बंद पडलं. मावशीची भाची शेवाळापासून इंधन काढायच्या खटपटीत होती. गावाबाहेर तीन हौद, एक पत्र्याची खोली, एक जुनं डिझेल इंजिन, एवढाच तिचा संसार. हौद ढवळायला आणि शेवाळाला खत घालायला तिनं मावशीला ठेवून घेतलं. महिन्याभरात हौद हिरवेगार.

"बाळसं बघा, राजे!" मावशी मला मिरवून दाखवायची.

पण नुसतं बाळसं काय कामाचं? शेवाळ वाढलं की त्याचं खत तोडायचं असतं. उपासमार झाली की ते अंगात तेल साठवतं. भाचीनं खत बंद केलं, आठवड्यानं तपासलं, तर तेल नावापुरतं. दुसऱ्या हौदाची तीच गत. तिसराही फसला, तर जागेचा मालक हौद बुजवणार होता. पोरीची चार वर्षं मातीत गेली असती.

मग एक दिवस मावशी तोंड पाडून माझ्या दारात.

"राजे, मी रोज वाटीभर खत घालत होते."

"चोरून?"

"उपाशी बघवत नाही हो!"

"भाचीला सांगितलंस?"

"सांगितलं. तिनं कोपरापासून हात जोडले." तिनं खताच्या कपाटाची किल्ली माझ्या हातात कोंबली. "मी रडले तरी देऊ नका."

तिसऱ्या हौदाचं खत बंद झालं. तिसऱ्या दिवशी मावशी हजर.

"एकच चमचा."

"नाही."

"तुम्हाला कधी उपाशी ठेवलं मी?"

घाव वर्मी बसला. पानपानभर स्वगतं मी एका दमात म्हटली आहेत, पण त्या दिवशी "नाही, मावशी" एवढे दोन शब्द घशातून निघेनात. कसेबसे काढले.

सातव्या दिवशी हौदाचा रंग पिवळट पडला. मावशी त्याच्याकडे पाठ करून बसली. भाचीनं शेवाळ गाळलं, वाळवलं, तेल काढलं, त्याचं इंधन केलं आणि मालकाला बोलावलं. इंजिन दोनदा खोकलं, तिसऱ्यांदा असं धडधडलं की खोलीचे पत्रे थरथरले.

मालक म्हणाला, "बरं, वर्षभर चालू द्या."

भाचीनं मला मिठी मारली, मी खणखणीत टाळ्या वाजवल्या. मावशी कुठे म्हणून वळलो, तर पदर खोचून, हात पुढे करून उभी.

"किल्ली द्या. हौदाच्या तळाशी बियाण्यापुरतं शेवाळ उरलंय, ते कधीचं जेवायला थांबलंय."