कान्हूचं मंतरलेलं टेबल

सत्त्याऐंशी साली पेणच्या एस.टी. स्टँडवर एक कुजबूज सुटली, की रोह्याच्या कारखान्याच्या क्लबातलं स्नूकरचं टेबल जिते गावच्या कान्हूने मंतरलं. स्टँडवर होतं तोवर प्रकरण एका लिंबावर भागलं होतं. गडबच्या टपऱ्यांवर पोचेपर्यंत लिंबाची काळी कोंबडी झाली, आणि नागोठण्याला तर ती कोंबडी बोलायलाही लागली. स्नूकर म्हणजे काय, हे तिन्ही ठिकाणी कुणालाच ठाऊक नव्हतं, त्यामुळे कुणाचं काही अडलं नाही.

कान्हू त्या क्लबात शिपाई. त्याआधी वीस वर्षं मिठागरात. चिखलाचे वाफे चोपून चोपून आरशासारखे करावेत ते त्यानेच. उकिडवं बसून एक डोळा मिटला, की पाणी कुठे तुंबणार ते सांगून मोकळा. क्लबात मात्र त्याच्या हातात सरबताचा ट्रे, आणि तोही चार वर्षं टेंपरवारी. बायको पुतळीने माहेरी कधीच सांगून टाकलं होतं, "आमचे परमनंट हायत." तिचा भाऊ जनू महाबेरकी. मुद्दाम चारचौघांत विचारायचा, "दाजी, परमनंट मानसाला भरपगारी रजा असते ना? मग लावणीला या की आठ दिस!" बायकोची लाज राखायला कान्हू गेला, आठ दिवस बिनपगारी चिखल तुडवून आला.

त्या वर्षी कारखान्याच्या बड्या साहेबांनी व्यावसायिक खेळाडूंची निमंत्रितांची स्पर्धा काढली. आठ जणांना बोलावणं गेलं. मुंबईचे, कलकत्त्याचे, एक तर थेट इंग्लंडचा गोरा. शिवाय इंदूरचे सत्तरीतले रुस्तमजी. लग्नात लांबच्या आत्याला सांगावं लागतं ना, तसं त्यांना सांगितलेलं.

स्पर्धा दोन दिवसांवर आली आणि मॅनेजर हैबतरावांनी टेबलावर एक बॉल ठेवला. तो आपणहून चालायला लागला. बारा फूट लांब, आठ पायांचं, पोटात दगडी फरशी असलेलं ते धूड पावसाळ्यात एका अंगाला खचलं होतं. मुंबईचा मेकॅनिक तापाने फणफणलेला.

"साहेब, हे तर आगराचं काम," कान्हू म्हणाला.

"अरे, इथे मीठ पिकवायचं नाहीये!"

"मी लावून देतो. पन माझं ते परमनंटचं बघा."

हैबतराव बुडत्यासारखे बघत होते. "स्पर्धा नीट पार पडली तर परमनंट. टेबलाबद्दल एक तक्रार आली, तर सोमवारपासून घरी बसायचं. कबूल?"

कान्हूने ट्रकचा जॅक आणला, घरची पितळी परात आणली, ती टेबलावर ठेवून काठोकाठ पाण्याने भरली. हैबतराव किंचाळले, "अरे, कापड इंग्लंडचं आहे!"

"असूं दे. पानी आपलं हाय."

एकेक पाय उचलायचा, खाली बिडीच्या बंडलाचे कागद सारायचे, परातीतलं पाणी निरखायचं. तिसऱ्या प्रहरी पाणी चारी अंगांनी सारखं उभं राहिलं. हैबतरावांनी बॉल सोडून पाहिला. सरळ! ते खुशीत चहाला गेले. कान्हू मात्र अळणी आमटी पुढ्यात आल्यासारखा टेबलाकडे बघत बसला. "येवढं सपाट बरं नाय," पुटपुटला.

स्पर्धेत गंमत सुरू झाली. गोऱ्याने नेम धरून मारलेला बॉल भोकाच्या काठाला शिवून पुढे गेला. त्याने बॉलकडे पाहिलं, काठीकडे पाहिलं, मग छताकडे पाहिलं. कलकत्तेकर तर स्वतःशीच बंगालीत भांडायला लागला. इकडे रुस्तमजी! हातात जोर नाही, बॉलला नुसतं गोंजारायचे. तो नव्या नवरीसारखा हळूहळू निघायचा, वाटेत विचार बदलायचा आणि डाव्या कोपऱ्यातल्या भोकात टुपकन पडायचा. दर बॉलला कान्हू टेबलाकडे बघत ट्रे फिरवायचा, निम्मं सरबत पाहुण्यांच्या बुटांत. गोरा एकदा हैबतरावांच्या दिशेने तरातरा निघाला, तेव्हा कान्हूने मनातल्या मनात पुतळीला नोकरी गेल्याचं सांगायची तयारीसुद्धा केली. पण गोऱ्याने विचारला फक्त संडासाचा रस्ता.

रुस्तमजी तिघांना लोळवून कप घेऊन गेले. जाताना बड्या साहेबांसमोर भाषणात म्हणाले, "पन्नास वरस खेलतोय, पन असा गुणी टेबल कंदी बगितला नाय!" बडे साहेब खूश. हरलेल्या सात जणांना आता टेबलाला नावं ठेवायची सोय राहिली नाही. सोमवारी कान्हूच्या हातात परमनंटचा कागद पडला.

मग काय, विहिरीवर बायका पुतळीच्या मागे. "गो पुतळे, घोवाकडनं माझ्या जावेसाठी येक लिंबू आन ना!" पुतळी ना हो म्हणे ना नाय. "लिंबं महाग हायत गो सध्या," एवढंच बोलून कळशी उचलायची.

खरं होतं ते असं. मिठागरात वाफा पुरता सपाट कधी ठेवत नाहीत. पाणी काढून द्यायला एका कोपऱ्याकडे थोडा उतार देतात. टेबलाच्या कोपऱ्यांना भोकं बघून कान्हूला वाटलं, इथेही तीच रीत. हैबतराव चहाला गेल्यावर त्याने उजवीकडच्या पायांखाली एकेक कागद जास्त घातला. टेबल डावीकडे उतरतं होतं.