गार्ड येईपर्यंतची गोष्ट

मी चौथी पास, तीही ढकलून. बोटीवर खलाशी म्हणून चढलो आणि ग्लासगोला उतरलो तो उतरलोच. पुढचा जन्म बसगाड्या धुण्यात गेला. इंग्रजी बोलता येतं, म्हणजे इथलं, ग्लासगोचं येतं. वाचता येतात फक्त बसवरच्या पाट्या. हे आधीच सांगून टाकतो, कारण वाचता आलं असतं तर ही पाळी आली नसती.

इथं रविवारच्या पेपरात एक चित्रांचं पान येतं. चौकटी चौकटींचं, माणसांच्या डोक्यावर फुगे आणि फुग्यांत बोलणं. एक लांब मिशांचा ट्रामवाला, त्याची ठेंगणी बायको, एक म्हातारी आणि एक कुत्रा. ट्रामा कधीच्या बंद झाल्या, आम्ही म्हातारे झालो, यांच्या घरात मात्र अजून कोळशाची शेगडी. नाताळ जवळ आला की त्या पानांचं जाड पुठ्ठ्याचं पुस्तक निघतं. घरोघरी ते कुणीतरी कुणालातरी देतंच. मी बायकोला द्यायचो. दुसरं काही द्यायचं मला सुचलं नाही आणि तिनं मागितलं नाही.

बायको सातवी शिकलेली. इथं आल्यावर संध्याकाळच्या वर्गाला जाऊन इंग्रजी शिकली. रविवारी जेवणं झाली की ती पुस्तक उघडायची, चौकटीवर बोट ठेवायची आणि मला मराठीत सांगायची. ट्रामवाल्याला घोगरा आवाज, कुत्र्याला शेंबडा. म्हातारी तर अगदी माझ्या आईसारखी बोलायची. "मेल्या, डोळे फुटले काय तुजे?"

मी म्हणायचो, "अगो, ही तर माझी आयशीच."

"म्हाताऱ्या सगळीकडं एकच. गप ऐका."

आम्हाला मूलबाळ नाही. रविवारच्या दुपारी आमच्या घरात माणसं होती ती एवढीच, कागदावरची. अर्ध्या गोष्टी मी डुलक्या घेत ऐकल्या. वाटायचं, पुस्तकात आहेत, जातायत कुठं.

ज्या वर्षी पबात सिगरेट ओढायला बंदी आली, त्या वर्षी ती आजारी पडली. हॉस्पिटलात मी शेवटचं पुस्तक घेऊन गेलो. नको म्हणाली, मग स्वतःच उघडलं. पान स्टेशनचं होतं. ट्रामवाला नव्या टोपीत, त्याच्या बायकोच्या हातात झाकणाची टोपली, म्हातारी ट्रंकेवर बसलेली.

ती सांगू लागली. म्हातारीनं हट्ट धरलाय, मरायच्या आधी मला गावाला जायचंय, आपल्या विहिरीचं पाणी प्यायचंय. सगळे तिला गाडीत बसवायला आलेत. आता म्हणते, कुत्रा आला तरच जाईन. कुत्र्याला गाडीत घेत नाहीत. म्हणून ट्रामवाल्यानं त्याला टोपलीत कोंबलंय. तेवढ्यात हात वर करून गार्ड येतो. टोपली हलते. गार्ड विचारतो, "टोपलीत काय?" म्हातारी म्हणते, "माझं जेवण." गार्ड म्हणतो, "जेवण भुंकतंय कसं?"

एवढं बोलून बायको स्वतःच हसली. हसता हसता तिला खोकला लागला.

"मग?" मी विचारलं.

"दम लागला हो. उरलेलं उद्या."

उद्या ती बोलण्याच्या स्थितीत नव्हती. परवा गेली.

पुढं काय काय झालं ते लिहीत नाही. घर तसंच राहिलं. मी डाळ करपवली, फेकली, परत करपवली. कुणी काही विचारलं की चिडायचो. आणि एकच गोष्ट डोक्यात बसली. शेवटच्या चौकटीत गाडी निघून गेलेली, ट्रामवाला आणि त्याची बायको हसतायत, कुत्रा जमिनीवर. म्हातारी नाही. ती गेली का? कुत्र्याला सोडून गेली? बायको काय सांगणार होती? ते फुग्यांत लिहिलेलं असणार. माझ्याच घरात, माझ्याच हातात आहे आणि मला वाचता येत नाही. त्यापायी झोप उडाली.

शेवटी खालच्या मजल्यावरच्या शेजारणीकडं गेलो. ती माझ्याहून मोठी, मला 'सन' म्हणते, म्हणजे पोरा. बायकोला 'हेन' म्हणायची, म्हणजे कोंबडी. इथं ते लाडानं म्हणतात, पण पहिल्यांदा ऐकल्यावर बायको तिच्याशी आठवडाभर बोलली नव्हती. मग बायको जाईपर्यंत दोघी मैत्रिणी.

शेजारीण जिन्याच्या पायरीवर सिगरेट ओढत बसली होती. पुस्तक पुढं केलं. म्हटलं, "हे वाच. सगळं नको, गार्ड येतो तिथून पुढं."

तिनं चष्मा लावला. "हां, हे जत्रेला निघालेत. सासूबाईंच्या पुडिंगची स्पर्धा आहे."

"सासू कुणाची? ती त्याची आई."

"सासू रे. पन्नास वर्षं सासूच आहे ती."

"बरं. टोपलीतला कुत्रा वाच."

"टोपलीत पुडिंग आहे, सन. गार्ड याचा शाळेतला मित्र. तो ओळख दाखवायला हात वर करतो आणि हा समजतो, तिकीट मागतोय."

मला वाटलं, बाई चेष्टा करतेय. तिच्या हातातून पुस्तक ओढून दुसरं पान काढलं, ट्रामवाला छपरावर चढलेला. बायकोच्या सांगण्यात तो कुणाच्या घरी मासे तळतायत ते बघायला चढला होता. शेजारणीच्या वाचण्यात तो टीव्हीची एरियल लावत होता. तिसरं पान काढलं. तेही वेगळंच.

मी ओरडलो, "नीट वाच ना बाई! तू सगळं चुकीचं वाचतेस."

शेजारणीनं सिगरेट विझवली.

"हे आमच्या बोलीत लिहिलेलं असतं," ती म्हणाली. "लंडनच्या माणसालाही वाचता येत नाही. तुझ्या बायकोला यातलं ओ का ठो कळत नव्हतं. मला स्वतः सांगितलं होतं तिनं, हसत हसत. म्हणायची, 'चित्रं बघते आणि ठोकून देते.' मला वाटलं, तुला ठाऊक आहे."

मला ठाऊक नव्हतं.

राग आला नाही. भीती वाटली. मी आपला समजत होतो, सगळं कपाटात आहे, वाचणारा मिळाला की परत ऐकीन. कपाटात काहीच नाही. नुसती चित्रं आहेत आणि दुसऱ्याच कुणाचंतरी बोलणं. जे होतं ते तिच्या डोक्यात होतं, ते तिच्याबरोबर गेलं. आणि थोडं माझ्याकडं, डुलक्यांतून उरलेलं.

"म्हातारी शेवटी कुठं आहे?" मी तरी विचारलंच.

"आइस्क्रीमच्या रांगेत पुढं पळाली. म्हणून दिसत नाही."

मग मला बघून ती म्हणाली, "अरे, चढव तिला गाडीत आणि संपव. तिनं ठोकून दिलं, तूही दे."

घरी येऊन तसं केलं. म्हातारीला गाडीत चढवली. पण मग कुत्रा का राहिला? ती अशी नव्हती, कुत्र्याला टाकून जाणारी. मग गार्डला दया आणली. ते तर सिनेमातल्यासारखं झालं, बायको हसली असती. मग म्हातारीला परत घरी आणली. तर ती चौकटीत का नाही? माझी म्हातारी बोलतच नाही. तोंड उघडते आणि आवाज माझा येतो.

तेव्हापासून दर रविवारी जेवण झालं की ते पान उघडतो. पहिल्या चौकटीपासून मोठ्यानं सांगतो, तिच्यासारखं, बोट ठेवून. "जेवण भुंकतंय कसं?" इथपर्यंत नीट येतं. हसूही येतं. पुढच्या चौकटीवर बोट ठेवतो, आणि काही येत नाही. परत पहिल्या चौकटीवर जातो.

म्हणून हे लिहून ठेवलं. आजच दुपारी सांगताना ती विहिरीचं पाणी म्हणाली होती की नदीचं, ते मला पटकन आठवलं नाही.