वाढून राहिलेला क्रिस्टल

"कुठाय क्रिस्टल?" परांजपे साहेबांनी लॅबच्या दारातूनच विचारलं.

मी कोपऱ्यातल्या टाकीकडे बोट दाखवलं. आत गरम पाण्यात काचेचं भांडं, भांड्यात दोऱ्याला लटकलेला बोराच्या बीएवढा खडा. साहेबांचा चेहरा पडला. त्यांच्यामागे हंगेरीहून आलेले प्रोफेसर उभे होते. त्यांना हवा होता लिंबाएवढा.

परांजपे साहेब मूळचे पुण्याचे. मूलभूत संशोधनाला अनुदान देणाऱ्या दिल्लीच्या सरकारी संस्थेत अधिकारी. त्यांनीच हंगेरीशी करार जुळवला होता. क्रिस्टल आम्ही नागपुरात वाढवायचा, त्यावरची मोजमापं तिकडे व्हायची. मी त्या प्रोजेक्टवर रिसर्च फेलो. प्रोजेक्ट गुंडाळला तर माझी फेलोशिप गेली आणि पीएच.डी. अर्धवट. आणि जरीपटक्याच्या आमच्या वस्तीत आई गल्लीभर सांगून मोकळी झालेली, माही पोरगी डॉक्टर होऊन राहिली!

क्रिस्टल वाढवणं म्हणजे पाकात खडीसाखर धरण्यासारखंच. गरम द्रावणात छोटं बी, म्हणजे त्याच क्रिस्टलचा बारीक कण, सोडायचं आणि द्रावण अगदी सावकाश थंड करत न्यायचं. घाई केली की खडा धुरकट होतो. मधेच बाहेर ओढला तर गार हवेनं तडकतो. महिनोन्महिने डोळ्यांत तेल घालून बसावं लागतं.

"फोनवर तुम्हीच सांगितलंत ना, तयार आहे म्हणून?" साहेब मला म्हणाले.

टाकीपाशी उभे असलेले गावंडे सर माझे गाईड. त्यांनी माझ्याकडे वळून पाहिलं. "काहून वं, असं सांगितलं तू?"

"नाही सर! मी तं सांगितलं, वाढून राहिला."

"तेच की!" साहेब कडाडले. "वाढून राहिला. म्हणजे पूर्ण वाढला, आणि आता नुसता राहिलाय!"

"अहो नाही सर, वाढून राहिला म्हणजे... वाढून राहिला!"

दुसरा शब्दच सुचेना. लहानपणापासून आम्ही जेवून राहतो, झोपून राहतो, त्याचा अर्थ कधी कोणी विचारला होता? शेवटी म्हटलं, "दिल्लीत तुम्ही काय म्हणता, सर? बढ़ रहा है. तेच!"

साहेब मटकन स्टुलावर बसले. ट्रंक कॉलची खरखर, दोन्हीकडून आरडाओरडा, आणि त्या एका शब्दावर त्यांनी परदेशातून माणूस आणला होता. प्रोफेसरांची संध्याकाळची गाडी होती.

"मग आहे तो काढा," साहेब म्हणाले. "मी कमिटीपुढे रिकाम्या हातानं जाऊ का? मोकळ्या टाकीला कोणी मुदतवाढ देत नाही."

सरांनी बाह्या सरसावल्या. इतका शांत माणूस, पण घाबरला होता. त्यांनी टाकीच्या झाकणाला हात घातला आणि मी ते झाकण वरून दाबून धरलं.

"सर, तडकून जाईल!"

"मले माहीत नाही का? सोड."

"नाही सोडत."

गाईडला असं बोलायची माझी टाप नव्हती. वाटलं, झालं, आज आपलं सगळं संपलं.

"ही काय म्हणते?" प्रोफेसरांनी इंग्रजीत विचारलं. सरांनी खालमानेनं सगळं सांगितलं, त्या शब्दासकट. प्रोफेसर हसले नाहीत. वाकून काचेतून बराच वेळ बघत राहिले. मग मला एकच विचारलं, तापमान रोज किती उतरवता? मी सांगितलं. ते साहेबांकडे वळले.

"स्वच्छ आहे. पण एवढ्यावर माझी मोजमापं होणार नाहीत, आणि तडकलेला घेऊन मी काय करू? वाढू द्या. माझ्या लोकांना मी समजावतो."

साहेबांनी रुमालानं मान पुसली. "दिवाळीपर्यंत," ते म्हणाले. "मग मात्र माझ्या हातात काही नाही."

पुढचे दिवस कसे काढले, माझं मला माहीत. पंखा थांबला की मी टाकीकडे धावायची. लाइट गेली की टाकीभोवती आईची गोधडी गुंडाळायची आणि स्टोव्हवर पाणी तापवत बसायचं. बोराच्या बीची सुपारी झाली, सुपारीचं लिंबू. दिवाळीच्या तोंडावर सरांनी तो बाहेर काढला तेव्हा मी डोळे मिटून घेतले होते.

"उघड वं डोळे. शाबूत आहे."

एक कोपरा दुधाळ होता, बाकी आरपार दिसत होतं. मी तिथेच, सगळ्यांसमोर ढसाढसा रडले.

क्रिस्टल कापसात गुंडाळून हंगेरीला गेला. प्रोजेक्ट वाचला. माझी पीएच.डी. झाली.

पुढे कित्येक वर्षं वरच्या साहेबांना मी कामाचे रिपोर्ट देत आले आहे. काम चालू असलं की मी सरळ सांगते, "झालं नाही." ऐकणाऱ्याचं तोंड वाकडं होतं, पण तो पाहुणे घेऊन येत नाही.