पळणारा पारा

सगळे त्याला पारा म्हणत, कारण त्याचं बूड कधी एका जागी टेकायचं नाही. थोरल्या भावाच्या केशकर्तनालयात तो हाताखाली होता. एक दिवस त्याच्या वस्तऱ्याने गिऱ्हाइकाचा कान कापला. गिऱ्हाईक अर्ध्या दाढीचा फेस घेऊन मागे, हा पुढे. हातगाड्या ओलांडत, भिंतीवरून उड्या टाकत दोघे चौकात आले. तिथे मूकपटाचं शूटिंग चाललं होतं.

दिग्दर्शक ओरडला, "अरे, कॅमेरा तिकडे फिरव!"

झालं! पारा नट झाला. कधी पाकीटमार, कधी लग्नातून सटकलेला नवरा, कधी कुत्रं मागे लागलेला पोस्टमन. सोंगं अनेक, काम एकच: पळायचं. जाहिरातीत त्याचं नाव कधी आलं नाही, पण तो पडद्यावर दिसला की पोरं बाकांवर उभी राहत.

बायको म्हणायची, "लोकांसाठी पळा हवं तेवढं, पण जेवताना तरी पाय आवरा. तांब्यातलं पाणी हिंदकळतंय."

मग चित्रपट बोलू लागले. पाऱ्याला एकच वाक्य होतं, "मालक, गाडी आली." पण तो बोलायला लागला की मायक्रोफोनमध्ये टकटक ऐकू यायची. ती त्याच्या बुटाची होती. शेवटी त्याचे पाय दोरीने खुर्चीला बांधले. पाय थांबले, तसा आवाजही बसला.

"तू माणूस आहेस की शिवणयंत्र?" दिग्दर्शक म्हणाला. सगळे हसले. पाराही हसला, आणि दोरी सोडून जो निघाला तो पुन्हा तिथे फिरकला नाही.

पुढचे महिने वाईट गेले. भाऊ वस्तऱ्याला हात लावू देईना. घरात दिवसभर येरझाऱ्या. खालचा शेजारी काठीने छत ठोकायचा. एकदा बायकोने हात धरून बसवलं.

"होतंय तरी काय तुम्हाला?"

"थांबलो की छातीत कुणीतरी दार बडवतंय असं वाटतं गं."

दुसऱ्या दिवशी तीच त्याला चित्रपटगृहाच्या मॅनेजरकडे घेऊन गेली. गावात चित्रपटगृहं दोन, चित्रपटाची प्रत मात्र एकच. इथलं रीळ संपलं की सायकलवरून तिकडे पोचवायचं. जरा उशीर झाला की प्रेक्षक खुर्च्या बडवत.

पाऱ्याने ते काम म्हातारपणापर्यंत केलं. बायको विचारायची, "नव्या चित्रपटाचा शेवट कसा आहे हो?"

"काय माहीत," तो सायकलला टांग मारत म्हणायचा, "तेव्हा मी रस्त्यात असतो."