नदीतल्या वाडीची हद्द

मला माफ करता येत नाही. आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे कुणी नाक मुरडायला नको. वय झालं की राग निवतो म्हणे. निवत असेल कुणाचा! मी एका माणसावर डूख धरला आणि तो दहा वर्षं जपला.

आमचं गाव सायखेड्याच्या बाजूला, गोदावरीच्या काठाला. आम्ही बौद्ध, शेतजमीन नाही. उन्हाळ्यात पाणी ओसरलं की माझे वडील, आबा, नदीच्या वाळूत टरबुजाची वाडी लावायचे. जागा तहसील कचेरीतून रीतसर मिळालेली, कागद ट्रंकेत. पण नदी कुठे कागद वाचते? आणीबाणीच्या आधीच्या एका उन्हाळ्यात धार सरकली, आमच्या काठाला लागली, आणि आबांची वाडी पलीकडच्या काठाला चिकटली. पलीकडचा मळेवाला म्हणाला, ही वाळू आता माझी. आबा म्हणाले, कागद दाखवतो. त्याने कुदळीच्या दांड्याने आबांचा उजवा हात कोपरातून मोडला, डोकं फोडलं आणि वेलांवर बैल सोडले.

मी तेव्हा नाशिकला एका कचेरीत टायपिस्ट होते. सुट्टी असल्यामुळे नेमकी घरी आलेली. आबांना घरी आणलं तेव्हा सदरा रक्ताने कडक झाला होता. आईने पहिल्यांदा काय केलं, तर तो उतरवून नदीवर नेला आणि दगडावर आपटून आपटून धुतला. आबांना आंघोळ घातली, पांढरं धोतर नेसवलं, दुसरा धुवट सदरा चढवला आणि मगच त्यांना पोलीस ठाण्यावर पाठवलं. आमच्यात ते पक्कं होतं. सरकारी पायरी चढायची तर स्वच्छ कपड्यात. घाण म्हणून हाकलायला कुणाला निमित्त द्यायचं नाही. मीही तिला थांबवलं नाही. मीच तर आबांचा भांग पाडला.

आमच्या काठाचं ठाणं म्हणालं, मार वाळूत झाला, वाळू पलीकडे, तिकडच्या ठाण्यात जा. पलीकडचं ठाणं म्हणालं, जागेचा कागद अलीकडच्या गावाचा, आमची हद्द नाही. मोडका हात गळ्यात बांधून आबांनी तीनदा नदी ओलांडली. गुडघाभर पाणी, त्यात कुणाचीच हद्द नाही! आठव्या दिवशी पलीकडच्या ठाण्याने तक्रार लिहून घेतली. तीही का, तर माझ्या कचेरीतल्या एका साहेबांनी फोन केला म्हणून.

आबांना भरपाई नको होती. त्यांना एकच हवं होतं. कोर्टात उभं राहून, त्या माणसाकडे बोट दाखवून, काय झालं ते सगळ्यांदेखत सांगायचं. घरी ते तालीम करायचे. "साहेब, मी कागद दावतो म्हणालो, तवा ह्येनं दांडा घातला." आई हसायची, "जज्ज तुमच्यापुढं काय टिकतंय!"

वर्षभराने तारीख लागली. आबा कोर्टाच्या व्हरांड्यात बसले होते. आत सरकारी वकिलाने अर्ज दिला की, पुरावा कमकुवत आहे, गावात शांतता राहावी म्हणून सरकार खटला मागे घेत आहे. मॅजिस्ट्रेटनी मान डोलावली. आबांना शिपायाने येऊन सांगितलं, "काका, जा घरी. मिटलं तुमचं."

मी त्या वकिलाला जिन्यात गाठलं. तो म्हणाला, "बाई, रक्ताचा सदरासुद्धा धुऊन टाकलात तुम्ही. मी काय दाखवू कोर्टाला?" आणि वर हसला. अंगाचा तिळपापड झाला माझा. आबांचा कधीच सरळ न झालेला हात हा पुरावा नव्हता काय? आईने घरी बोटं मोडली, "मुडदा बसवला मेल्याचा!" पण त्या दिवसापासून तिने आबांचे सदरे धुणंच सोडलं; मी सुट्टीला आले की ते माझ्यापुढे टाकायची. ते मला जास्त लागलं.

सूड म्हणून मी वकिली शिकले. गरिबांची सेवाबिवा काही नाही. नोकरी सांभाळून नाशिकच्या लॉ कॉलेजात जायचे. एक सर आंतरराष्ट्रीय कायदा शिकवायचे. एकदा म्हणाले, समुद्रातला चाचा, म्हणजे जहाजं लुटणारा दरोडेखोर, हा साऱ्या मानवजातीचा शत्रू. तो ज्या देशाच्या हाती लागेल त्या देशाने त्याच्यावर खटला चालवावा, हद्द आडवी येत नाही. मी वर्गात मोठ्याने हसले. अहो, भर समुद्रात कायदा पोचतो आणि आमच्या गोदावरीच्या वाळूत पोचत नाही! मग सर महायुद्धानंतरच्या खटल्यांवर आले. हरलेल्यांचे पुढारी पिंजऱ्यात उभे राहिले, जिंकलेल्यांनी शहरं जाळली त्याबद्दल कुणाला समन्सही गेलं नाही. मी विचारलं, "सर, कुणावर खटला भरायचा नाही, हे कोण ठरवतं?"

"खटला चालवणारा वकील," ते म्हणाले. "तो त्याचा विवेकाधिकार."

झालं! मला काय व्हायचं ते त्या तासाला ठरलं.

ऐंशी साल उलटल्यावर मी सहायक सरकारी वकील झाले आणि नेमणूक मिळाली ती नेमकी पलीकडच्या काठाचे खटले चालत त्या कोर्टात. दीड वर्षात तो मळेवाला आला. आरोपी म्हणून! स्वतःच्या सालगड्याचा पाय त्याने पहारीने मोडला होता. मी त्या सालगड्याची कुणी लागत नव्हते, पण ज्या आबांचा हात ह्याच माणसाने मोडला त्यांची मुलगी होते. हे वरिष्ठांना सांगून मी बाजूला व्हायला हवं होतं. मी तोंड शिवून बसले. आणि त्या माणसाने मला ओळखलंच नाही. "नमस्कार बाईसाहेब" म्हणाला.

सालगडी लंगडत माझ्या टेबलाशी आला. तडजोडीचा अर्ज घेऊन. "बाईसाहेब, मालकानं औषधपाणी केलं. त्याच्याच मळ्यात माझं खोपट हाय, बायकापोरं हायेत. मिटवू द्या." कोर्टाच्या परवानगीने असा खटला मिटवता येतो. मी अर्जाला विरोध केला. असली माणसं अशीच सुटतात, असं भाषणच ठोकलं आणि परवानगी मिळू दिली नाही. सालगड्याला बाजूला घेऊन म्हटलं, "साक्ष फिरवलीस तर खोट्या साक्षीचा खटला तुझ्यावर." तो हात जोडून उभा राहिला. मला दिसत होतं, आणि मला त्याचं काही वाटत नव्हतं. त्याने रडत रडत खरं सांगितलं.

एक वर्षाची सक्तमजुरी. वाहवा! मी पोलिसांना थांबवून त्या माणसाजवळ गेले, आबांचं नाव सांगितलं, वाळू, टरबुजं, दांडा, सगळं सांगितलं. तो म्हणाला, "आसंल बाई. लय वर्षं झाली." एवढंच. थोबाडीत मारल्यासारखं झालं, तरी मी पेढे घेऊन पहिल्या एसटीने गावी गेले.

आबांनी सगळं ऐकलं. पेढ्याला हात लावला नाही. "त्या गड्याचं काय झालं?"

"साक्ष झाली त्याच दिवशी मळ्यातून काढलं त्याला. नांदगावकडे गेला म्हणतात, बायकापोरं घेऊन."

"त्याला मिटवायचं व्हतं ना?"

"आबा, तुमच्यासाठी केलं मी हे! दहा वर्षं!"

"मी कवा म्हनलो?" आबा म्हणाले. "मला माझी केस पायजे व्हती, पोरी. तू त्याची घेतलीस."

मी भांडले, ओरडले, दार आपटलं. तो माणूस तुरुंगात गेला याचा आनंद मला तेव्हाही होता, आजही आहे. खोटं कशाला बोलू? पण त्यानंतर आबा सात वर्षं जगले, आणि माझ्या कोर्टात काय चाललंय हे त्यांनी मला एकदाही विचारलं नाही.